चार माणसं कमी

माझा नवरा गेला आणि मी त्याच्या अंत्यविधीसाठी नेमका तो मंगळवार धरला. आमच्या रेक्याविकमध्ये हे कुणालाही सांगा, तो कपाळावर हात मारून घेतो. "अगं स्टेइनुन, त्या दिवशी तर संसद भरणार होती!" हो बाबांनो, भरणार होती. आता मलाही माहीत आहे.

पाद्री हेर्डिस माझ्या स्वयंपाकघरात बसून कॉफी पीत होती. मंगळवार की शुक्रवार, असं तिनं विचारलं. माझं डोकं तेव्हा बधिर झालं होतं. कुणी साखर हवी का विचारलं तरी मला उत्तर शोधावं लागायचं. मी म्हटलं, मंगळवार. का, तर तो आधी येतो. हेर्डिसनं वहीत लिहून घेतलं. तिच्याही डोक्यात आलं नाही, आणि तिचं चर्च तर चौकातच, संसदेच्या शेजाराला. मध्ये फक्त एक बोळ.

ह्यालमारला एका क्षणात कळलं असतं. एकतीस वर्षं तो संसदेच्या दारावर होता. निळा कोट, चकचकीत बटणं, आणि पावलं मोजून टाकायची सवय, ती घरातही जायची नाही. दर रविवारी संध्याकाळी कॉफी पिता पिता तो मला आठवडा सांगायचा. मंगळवारी सभागृह भरतंय. गुरुवारी उशीर होईल, मासा ठेवू नकोस. मी कधी पेपरात बघायला गेले नाही, घरातच बातमी होती. त्या रविवारी सांगणारा माणूस शवागारात होता. दुसऱ्या कुणाला मला सांगावंसं वाटलं नाही, आणि मी विचारलं नाही.

त्या हिवाळ्यात आमच्याकडे बँका बुडाल्या होत्या. ऑक्टोबरपासून दर शनिवारी लोक चौकात जमत होते, भाषणं करत होते, संसदेवर अंडी आणि दही फेकत होते. नाताळची सुट्टी झाली. मग ठरलं की संसद ज्या मंगळवारी पुन्हा उघडेल, त्या मंगळवारी घरातली भांडी घेऊन यायचं आणि इतकं बडवायचं की आत कुणाचं कुणाला ऐकू येऊ नये. हे साऱ्या गावाला माहीत होतं. माझी मुलगी तर ते ठरवणाऱ्यांतली एक होती.

माझी एयग्लो. एकतीस वर्षांची, आमची एकुलती एक. नकाशे काढायच्या एका कार्यालयात नोकरीला होती. ते नोव्हेंबरात बंद पडलं आणि बाई रोजच ढोल घेऊन चौकात उभी राहायला लागली. ढोल कुठून आणला देव जाणे. तिला लहानपणी पियानो शिकवायला आम्ही किती आटापिटा केला, एक बोट हलवलं नव्हतं तिनं.

डिसेंबरात एके दिवशी लोक संसदेच्या पायऱ्यांवर चढले. वरच्या सज्जात बसून कामकाज ऐकायचा आमचा हक्क आहे, म्हणाले. दारात ह्यालमार उभा होता. आणि सगळ्यात पुढे कोण, तर एयग्लो. ती म्हणाली, "बाबा, बाजूला हो." त्यानं तिच्याकडे पाहिलं आणि अनोळखी माणसाला सांगायचा त्याचा तो कोरडा आवाज काढून म्हणाला, "सज्जा आज बंद आहे, बाई. मागे व्हा."

संध्याकाळी ती घरी आली. बूट काढले नाहीत, कोट काढला नाही. तो जेवत होता.

"मला बाई म्हणालास?"

"दारावर मी कुणाचा बाप नसतो," ह्यालमार म्हणाला. बटाटा सोलत होता, वर पाहिलंसुद्धा नाही.

"मग घरीपण नको असूस," ती म्हणाली आणि गेली.

दोघं एकाच मातीचे. एकदा बोलले की बोलले. नाताळला आम्ही दोघांनीच धुरावलेलं मटण खाल्लं. तिची बशी मी मांडली होती, ती त्यानं उचलून कपाटात ठेवली. नववर्षाच्या रात्री बाहेर सगळं गाव फटाके उडवत होतं, तेव्हा तो खिडकीत उभा राहून म्हणाला, "येईल ती." मी म्हटलं, "तूच जा की." तो म्हणाला, "बघू."

नंतर एका शुक्रवारी जेवणानंतर तो सोफ्यावर बसला, एक मोजा काढला, आणि दुसरा काढायचा राहिला. मी भांडी घासत होते. पाणी बंद केलं तेव्हा घरात काहीतरी जास्तच शांत वाटलं. बस, एवढंच. डॉक्टर म्हणाले, त्याला काही कळलंसुद्धा नसेल. मला कळायला मात्र वेळ लागला. तो मोजा मी दोन दिवस तसाच जमिनीवर ठेवला होता, आणि त्याला वळसा घालून जात होते.

एयग्लोला मीच फोन केला. सांगितलं. ती म्हणाली, "बरं." मग, "तू एकटी आहेस का?" मी म्हटलं, नाही, शेजारची आली आहे. ती म्हणाली, "बरं." आम्ही दोघी 'बरं' म्हणण्यात पटाईत.

शवपेटी बंद करण्याआधी घरच्या माणसांनी जमून शेवटचं बघायचं असतं. तिला निरोप दिला. ती आली नाही. फोनवर म्हणाली, "आई, मला नाही जमणार. आता कुठल्या तोंडानं बघू मी त्याच्याकडे?"

"अंत्यविधीला तरी येशील ना?"

"माहीत नाही गं."

मला दुसरं काही नको होतं. लोक विचारत होते, काय हवं-नको सांग, संकोच करू नकोस. काय सांगणार? पोरीनं त्या चर्चमध्ये येऊन माझ्या शेजारी बसावं, एवढं एकच हवं होतं मला. ते कुणाच्या हातात नव्हतं.

मंगळवारी सकाळी पेपर आला. आमच्याकडे माणूस गेला की अंत्यविधीच्या दिवशी पेपरात त्याच्यावर लिहून येतं. कुणीही लिहावं, पुतण्यानं, शेजाऱ्यानं, शाळासोबत्यानं. बरेच जण तर थेट मेलेल्या माणसालाच लिहितात, प्रिय काका, तुला आठवतंय का, असं. ह्यालमारवर अकरा जणांनी लिहिलं होतं. एका जुन्या खासदारानंसुद्धा. मी सगळ्यांच्या खालची नावं वाचली. मग पान उलटून दुसऱ्या मृतांच्या खालचीसुद्धा वाचली, चुकून तिथं पडलं असेल म्हणून. एयग्लोचं नाव कुठंच नव्हतं.

नऊ वाजता, बाहेर अजून काळोखच होता, फोन वाजला. स्काप्ती. ह्यालमारबरोबर दारावर असायचा, वीस वर्षं. तो आणि दारावरचेच आणखी तिघं आज पेटी उचलणार होते. ह्यालमारचा धाकटा भाऊ ब्रांदुर आणि त्याचा मुलगा कारी असे दोघं धरून सहा.

"स्टेइनुन, आम्ही चौघं येऊ शकत नाही."

"बरं."

"बरं काय? ऐक तरी. आत्ताच चौकात शेकोट्या पेटल्यात. एक वाजेपर्यंत हजारो माणसं असतील. आम्ही दार सोडून कसं यायचं?"

"नका येऊ."

"त्याच्या जागी मी मेलो असतो, तर तो तरी आला असता का दार सोडून?"

"नसता आला."

"तेच मी ह्यांना म्हटलं," स्काप्ती म्हणाला, आणि हा सहा फुटी बाप्या फोनवर हुंदके द्यायला लागला. आता काय बोलायचं! नवरा माझा गेला आणि समजूत मीच काढायची. काढली. फोन ठेवल्यावर माझ्या लक्षात आलं की मला त्याचा रागही आला नव्हता. काहीच आलं नव्हतं. मी उठून पॅनकेकचं पीठ भिजवलं. खरं तर शेजारणींनी दीडशे पॅनकेक करून ठेवले होते.

ब्रांदुर पश्चिमेकडच्या खाड्यांमधल्या गावाहून सात तास जीप हाकत आला होता. मासेमारी बोटीवरचा माणूस. घरातही डेकवर असल्यासारखा बोलतो. त्याला सांगितलं, तर त्यानं काट्यावरचा हेरिंग माशाचा तुकडा तसाच धरून ठेवला.

"पेटीला कड्या किती?"

"सहा."

"मी आणि कारी, दोन झाल्या. राहिल्या चार. त्या काय वारा धरणार?"

"चर्चमध्ये असेल की कुणी."

"कोण असेल? तुझ्या शिवणमंडळातल्या बायका? एकीचाही गुडघा धड नाही."

"ब्रांदुर, मला काही सुचत नाहीये."

त्यानं खुर्ची पुढे ओढली. मग म्हणाला, "पोरगी येतेय का?"

"माहीत नाही."

"हं," तो म्हणाला आणि हेरिंग खाल्लं.

चौकापलीकडच्या हॉटेलपाशी जीप लावून आम्ही चौकात पोचलो तेव्हा साडेबारा झाले होते, विधी एकला होता. हा चौक म्हणजे काही मोठं मैदान नाही. उन्हाळ्यात इथं गवतावर लोक बियर घेऊन लोळतात, आणि खासदार सायकलवरून त्यांच्यामधून वाट काढतात. त्या दिवशी गवत नव्हतं, चिखल होता आणि माणसं होती. पातेली, झाकणं, तवे, दुधाच्या किटल्या. एक आजीबाई चौकातल्या पुतळ्याच्या पायाशी उभी राहून वॅफलचा साचा बडवत होती. "नालायक सरकार! नालायक सरकार!" असा एकच घोष. पोलिसांनी संसदेच्या पुढे ढालींची भिंत केली होती. त्यांच्या मागे, दारात, मला स्काप्तीची टोपी दिसली.

पोलिसांनी आम्हाला बोळातून चर्चकडे सोडलं. पेटी सकाळीच आत नेऊन ठेवली होती, पण आता अडथळे लावले होते, शववाहिका चर्चच्या दारापर्यंत येणं शक्य नव्हतं. चालक म्हणाला, "गाडी चौकाच्या पलीकडे आहे, हॉटेलपाशी. तिथवर चालत न्यावं लागेल." ब्रांदुरनं त्या गर्दीकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं, आणि कोटाची बटणं लावली.

मी तिला शोधत होते. पण अर्ध्या गावानं एकसारखे लोकरी स्वेटर घातलेले. प्रत्येक तिसरी पोरगी मला पाठमोरी एयग्लोच वाटायची.

आत पुढच्या बाकावर मी बसले. शेजारी तिच्यासाठी जागा ठेवली, त्यावर माझा कोट टाकला. सत्तर-ऐंशी माणसं असतील, सगळी पिकलेली. ऑर्गन वाजायला लागला आणि कुणाला पत्ता लागला नाही, कारण बाहेरून तो दणदणाट येत होता, खिडक्यांच्या काचा थरथरत होत्या. आमच्याकडे प्रत्येकाच्या पेटीजवळ एकच जुनं भजन म्हणतात, राजा असो की खलाशी. ते आम्ही म्हटलं. मी माझे ओठ हलताना पाहिले असते तरच मला कळलं असतं की मी म्हणतेय.

हेर्डिस प्रवचनाला उभी राहिली. बिचारीला ओरडावं लागत होतं. "ह्यालमार हा शांत माणूस होता!" ती गळ्याच्या शिरा ताणून म्हणाली. "मितभाषी! आवाज न चढवणारा!" मागच्या बाकावर कुणीतरी हसलं आणि खोकल्याचं निमित्त केलं. ब्रांदुर माझ्या कानाशी वाकला. "आमच्याकडचा माशांचा लिलाव ह्याच्यापेक्षा शांत असतो." मलाही हसू आलं असतं, एरवी. कोट टाकलेली जागा रिकामीच होती.

प्रवचन अर्ध्यावर आलं होतं. हेर्डिस ओरडली, "त्याच्या मागे पत्नी आणि एक मुलगी..." आणि तेवढ्यात बाहेरचा आवाज बंद झाला.

हळूहळू कमी झाला असं नाही. आधी एका बाजूचा, मग दुसऱ्या बाजूचा, आणि मग एक शेवटचं झाकण वाजत राहिलं, कुणीतरी त्याच्यावर खेकसलं, तेही थांबलं. हेर्डिसचं पुढचं वाक्य त्या शांततेत इतक्या मोठ्यानं पडलं की ती स्वतःच दचकली. मग तिनं आवाज खाली आणला. "माफ करा," म्हणाली, आणि उरलेलं साध्या आवाजात वाचलं.

शेवटचा श्लोक झाला. ब्रांदुर आणि कारी पेटीपाशी जाऊन उभे राहिले. दोनच. माणसं एकमेकांकडे बघायला लागली. ह्यालमारचा शाळेतला मित्र काठीला धरून उठला, त्याच्या मुलीनं त्याला परत बसवलं. दोन बायका उठल्या, पण त्यांच्याकडे बघूनच ब्रांदुरनं मान हलवली. मला लाज वाटली नाही, वाईट वाटलं नाही, मी नुसती बघत होते. एकतीस वर्षं लोकांना दार उघडून दिलं त्या माणसाला दारातून बाहेर काढायला चार माणसं मिळत नव्हती.

ब्रांदुर ताडताड चालत मागे गेला आणि चर्चचं दार सताड उघडलं. थंडी आत आली. तो उंबऱ्यावर उभा राहिला आणि बोटीवरच्या आवाजात चौकाला ओरडून म्हणाला, "चार माणसं हवीत! माझ्या भावाला उचलायला चार माणसं कमी आहेत!"

मग पायऱ्यांवरून एक लाल दाढीवाला वर आला, हातमोजे काढत. त्याच्यामागे चष्मा घातलेला एक मास्तरासारखा माणूस, त्यानं आपलं पातेलं दाराशी ठेवलं. मग एक धिप्पाड बाई, बेकरीचा ॲप्रन कोटाखालून दिसत होता. आणि मग ढोलाचा पट्टा डोक्यावरून काढत माझी एयग्लो.

ती पायऱ्यांवरच होती. सगळा वेळ. चर्चच्या दाराकडे पाठ करून, हात पसरून, लोकांना थांबवून धरून. हे मला नंतर दाढीवाल्यानं सांगितलं. म्हणाला, एक वाजल्यापासून ती गुरगुरत होती, बास करा, आत माणूस आहे, आणि कुणी ऐकत नव्हतं. शेवटी ती बाकड्यावर चढली आणि कर्ण्यातून म्हणाली, आत माझा बाप आहे. तेव्हा ऐकलं.

ती मधल्या वाटेनं आली. माझ्याकडे बघितलं नाही. पेटीच्या डोक्याकडची डावी कडी धरली. ब्रांदुर उजव्या बाजूला होता. तो फक्त म्हणाला, "गुडघ्यातून उचल, कंबरेतून नाही." तिनं मान डोलावली. उचलली.

मी पेटीच्या मागे चालत होते. बाहेर उजेड होता, आमच्या जानेवारीत असतो तेवढा. लोकांनी वाट करून दिली. भांडी छातीशी धरलेली, कुणी तवा पाठीमागे लपवलेला. शेकोटीत लाकूड तडतडत होतं, तेवढंच. एक पोरगा म्हणाला, "हा तर दारावरचा ह्यालमार." दुसरा म्हणाला, "ह्यानं डिसेंबरात मला ढकललं होतं." एक म्हातारी त्याच्यावर डाफरली, "गप रे, मग गेला असशील मध्ये कडमडायला." त्यानं टोपी काढली.

संसदेसमोरून जाताना पोलिसांनी ढाली खाली टेकवल्या. दारात स्काप्ती आणि ते तिघं उभे होते. एकही पायरी उतरले नाहीत. स्काप्तीचं नाक लाल झालं होतं आणि तो सरळ समोर बघत होता. ह्यालमारला हे आवडलं असतं, मला माहीत आहे. मला आवडलं की नाही, ते मला सांगता येत नाही.

हॉटेलपाशी पेटी गाडीत सरकवली. चालकानं दार लावलं. बेकरीवाल्या बाईनं माझा हात हातात घेतला, तिचे हात गरम होते. आणि एयग्लो माझ्यासमोर उभी राहिली. नाक वाहत होतं, ते तिनं बाहीला पुसलं.

"आई, मी जाते."

"कुठं?"

"परत. मी त्यांना शब्द दिलाय. गाडी तळ्याकडे वळेपर्यंत गप्प राहा, मग मी येऊन सुरू करून देईन, असं. त्याशिवाय थांबत नव्हते गं ते. मी नाही गेले तर..."

आणि तिथं माझं डोकं फिरलं. अकरा दिवस मी आवाज चढवला नव्हता. अकरा दिवस कशाला, एकतीस वर्षं. चौदाव्या वर्षी त्या पोरीचा चर्चमध्ये दीक्षाविधी झाला, त्या दिवशी घरात पन्नास पाहुणे होते, केक कापायचा होता, आणि हा म्हणाला, सभागृह लांबलंय, जातो. मी म्हटलं, जा. माझ्या आईच्या शेवटच्या आजारपणात, जातो. जा. दरवेळी मी जा म्हणत आले, आणि दार लावून घेतलं की सिंकपाशी उभी राहिले.

"नाही जायचं!" मी ओरडले. सगळा चौक गप्प होता, त्यामुळे सगळ्या चौकानं ऐकलं. "शब्द दिलाय म्हणे! तो पण सारखा तेच सांगायचा, काम आहे, काम आहे! त्यांना काय तुझ्यावाचून तवा बडवता येत नाही? ती म्हातारी सकाळपासून बडवतेय तिथं! आज तू कुठंही जाणार नाहीस. बस गाडीत!"

"आई..."

"बस म्हणते ना!"

ब्रांदुर जीपचं मागचं दार उघडून उभा होता. "बस बाई लवकर," तो म्हणाला. "नाहीतर आता मला मार पडेल."

लाल दाढीवाल्यानं पुढे होऊन तिच्या खांद्यावर थोपटलं. "जा," तो तिला म्हणाला, "तुझा ढोल चर्चच्या दारात आहे, मी देतो सुरू करून." एयग्लो बसली. मी तिच्या शेजारी बसले. जीपमध्ये माशांचा वास भरला होता. पुढे शववाहिका हलली, मागून आम्ही.

माझा राग अजून उतरला नव्हता. मग मला तिचे कान दिसले. लालभडक.

"टोपी कुठंय तुझी?"

"हरवली. केव्हाच."

"माहितीय मला. नोव्हेंबरात."

तिनं माझ्याकडे पाहिलं, त्या दिवसात पहिल्यांदा. "तुला कुणी सांगितलं?"

"त्यानंच. रोज घरी आला की बूट काढता काढता सांगायचा. आज टोपी नव्हती तिच्याकडे. आज कान लाल झाले होते. आज कुणा दाढीवाल्यानं तिला सूप दिलं, बरं केलं. आज खोकत होती."

"दारावरून बघायचा?"

"आणखी कुठून बघणार? तिथंच तर उभा असायचा."

"त्या दिवसानंतरसुद्धा? तो मला बाई म्हणाला त्यानंतर?"

"त्यानंतर तर रोजच. नाताळच्या सुट्टीतसुद्धा. चौक रिकामा असायचा, तरी जाऊन बघून यायचा. आज आली नव्हती, म्हणायचा."

ती समोर बघत बसली. जीप तळ्याकडे वळली आणि मागे चौकात ढोल वाजला, मग पातेली, मग सगळंच. तिनं मान वळवली नाही.

"पाच आठवडे," ती म्हणाली. "आई, अगं, एक फोन करायचास ना मला. एवढंच सांगायचं होतंस."

मला वाटलं होतं, तो स्वतःच सांगेल. मी कोण मध्ये पडणारी, असं वाटलं होतं. हेच मी तिला सांगायला तोंड उघडलं, आणि त्या अकरा दिवसांत पहिल्यांदा मला रडू फुटलं, ते काही केल्या थांबेना. ब्रांदुरनं आरशातून एकदा मागे पाहिलं आणि जीपचा वेग कमी केला.